रक्ताची अक्षरे आणि पळसाचा रंग : एका पुनर्कथनाचे प्रकरण

नाशकातील एका निवृत्त संस्कृत शिक्षिकेने दहा ते तेरा वर्षांच्या मुलांसाठी गोदाकाठच्या जुन्या कथांचे पुस्तक लिहायला घेतले आणि त्यातील एकाच कथेने त्यांचे जवळजवळ पाच महिने खाल्ले. या पुस्तकाची भाषा तपासण्याचे काम माझ्याकडे असल्यामुळे त्या कथेचे तिन्ही मसुदे, मुलांसमोर झालेली दोन वाचने आणि एका पालकाची हरकत हे सगळे मला जवळून पाहता आले. मुलांसाठी जुनी कथा सोपी करताना कशाला हात लावावा आणि कशाला लावू नये, हा प्रश्न या एका कथेत इतका उघडपणे समोर आला की तो सविस्तर नोंदवून ठेवावा असे वाटले. लेखिकेच्या संमतीने, मात्र त्यांचे नाव न देता, हे लिहीत आहे.

पुस्तकाची मांडणी नदीच्या क्रमाने होती, काळाच्या क्रमाने नव्हती. ब्रह्मगिरीवरील गौतम ऋषींपासून सुरुवात, मग त्र्यंबकचे निवृत्तिनाथ, मग पंचवटी, आणि शेवटी नदीबरोबर खाली पैठणला, म्हणजे प्राचीन प्रतिष्ठानला. निवृत्तिनाथांची कथा एका बैठकीत लिहून झाली. ब्रह्मगिरीची प्रदक्षिणा, रात्री समोर आलेला वाघ, कुटुंबापासून चुकलेला मुलगा, गुहा आणि त्या गुहेत भेटलेले गहिनीनाथ, एवढ्या सामग्रीवर मुले आपोआप पुढे सरकतात. शिवाय श्रावणातल्या तिसऱ्या सोमवारची फेरी नाशिककरांच्या घरांत ठाऊक असते, त्यामुळे डोंगर समजावून सांगावा लागत नाही. या कथेबद्दल अधिक लिहिण्यासारखे काही नाही. अडले ते पैठणला.

कथा कोणती

पैठणची जी कथा लेखिकेने निवडली ती गुणाढ्याची. काश्मीरच्या सोमदेवाने अकराव्या शतकात राणी सूर्यवतीसाठी रचलेल्या ‘कथासरित्सागर’ या ग्रंथाच्या पहिल्याच लंबकात, म्हणजे मोठ्या विभागात, ‘कथापीठा’त, ती येते. हा ग्रंथ १८ लंबक, १२४ तरंग (अध्याय) आणि सुमारे २१ हजार श्लोकांचा आहे, आणि तो स्वतःच एक पुनर्कथन आहे. गुणाढ्याची मूळ ‘बृहत्कथा’ आज उपलब्ध नाही. ती कशी जन्मली आणि तिचा बहुतांश भाग कसा नाहीसा झाला याचीच आख्यायिका सोमदेव आरंभी सांगतो. निवडीमागे एक स्थानिक कारणही होते. नाशिकच्या शाळांच्या सहली पांडवलेण्यांवर जातात आणि मुले ‘पांडवांनी खोदलेली लेणी’ पाहून परत येतात. वास्तविक ती बौद्ध लेणी आहेत आणि तिथल्या ब्राह्मी लिपीतील प्राकृत लेखांत सातवाहनांची व क्षत्रपांची दाने नोंदलेली आहेत. तिसऱ्या लेण्यातील गौतमी बलश्रीचा लेख तर आपल्या मुलाचे, गौतमीपुत्र सातकर्णीचे, गुणगान करणाऱ्या आईचा लेख आहे. सातवाहन हे नाव मुलांना कथेतून आधी भेटावे आणि मग दगडावर भेटावे, असा लेखिकेचा हेतू होता. कथेतला सातवाहन म्हणजे लेखातला अमुक राजा असे म्हणण्याला काही आधार नाही, ही गोष्ट त्यांनी प्रस्तावनेत स्वच्छ लिहिली. ते योग्यच झाले.

कथेचा गाभा असा आहे. वसंतोत्सवात राजा सातवाहन राण्यांसह तळ्यात खेळत असताना अंगावर पाणी उडून दमलेली एक राणी त्याला म्हणते, ‘मोदकैः’ मारा. तिला म्हणायचे असते ‘मा उदकैः’, पाण्याने मारू नका. संस्कृत न जाणणारा राजा लगेच मोदकांची ताटे आणवतो. राणी हसते आणि ‘मा’ व ‘उदक’ यांचा साधा संधीही आपल्याला कळत नाही का, असे विचारते. राजा इतका खजील होतो की खाणेपिणे सोडून पडून राहतो. मग दरबारात गुणाढ्य आणि शर्ववर्मा या राजाच्या दोन मंत्र्यांत पैज लागते. व्याकरण शिकायला बारा वर्षे लागतात, मी ते सहा वर्षांत शिकवीन, असे गुणाढ्य म्हणतो; शर्ववर्मा सहा महिन्यांत शिकवण्याची भाषा करतो. ते शक्य झाले तर संस्कृत, प्राकृत आणि देशभाषा या तिन्ही कायमच्या सोडीन अशी गुणाढ्याची प्रतिज्ञा असते, तर शर्ववर्मा हरल्यास बारा वर्षे गुणाढ्याच्या पादुका डोक्यावर वाहण्याचे कबूल करतो. कार्तिकेयाच्या कृपेने शर्ववर्म्याला कातंत्र हे सुटसुटीत व्याकरण मिळते, राजा सहा महिन्यांत शिकतो आणि गुणाढ्याकडे एकही भाषा उरत नाही.

तो विंध्याच्या अरण्यात जातो, तिथे पिशाचांची भाषा शिकतो आणि काणभूती या पिशाचाकडून ऐकलेली महाकथा सात वर्षे बसून ७ लाख श्लोकांत लिहितो. अरण्यात शाई नाही, आणि विद्याधर या आकाशात फिरणाऱ्या दिव्य जातीने ती चोरू नये अशीही काळजी आहे, म्हणून तो स्वतःच्या रक्ताने लिहितो. शिष्य ती राजाकडे नेतात. लांबी फार, भाषा पैशाची, म्हणजे पिशाचांची, आणि नीरस, अक्षरे रक्ताची, असे म्हणून राजा ती परत पाठवतो. तेव्हा गुणाढ्य डोंगरावर अग्नी पेटवतो, एकेक पान मोठ्याने वाचतो आणि अग्नीत टाकतो. हरणे, डुकरे, रेडे चारा सोडून भोवती उभे राहतात आणि त्यांच्या डोळ्यांतून पाणी वाहते. इकडे राजा आजारी पडतो. वैद्य म्हणतात, कोरडे पडलेले मांस खाल्ल्याने हे झाले. आचारी शिकाऱ्यांना बोल लावतात आणि शिकारी सांगतात की डोंगरावर कोणी ब्राह्मण पाने वाचून जाळत आहे, प्राणी चरायचे विसरले आहेत. राजा धावत जातो तेव्हा ६ लाख श्लोक जळून गेलेले असतात. शिष्यांना आवडत असलेली नरवाहनदत्ताची १ लाख श्लोकांची कथा तेवढी मागे ठेवलेली असते, ती राजा घेतो.

पहिला मसुदा

पहिल्या मसुद्यात लेखिकेने तीन फेरफार केले होते आणि तिन्ही चांगल्या हेतूने. रक्ताऐवजी पळसाच्या फुलांचा रंग आला. मांसाऐवजी दूध आले, म्हणजे कथा ऐकून गाईंनी चरणे सोडले आणि राजाच्या वाटीतली खीर पातळ झाली. जाळण्याऐवजी गुणाढ्य वाचलेली पाने वाऱ्यावर सोडून देऊ लागला. याशिवाय शिव, पार्वती आणि शापित गण यांची संपूर्ण चौकट, ज्यात गुणाढ्य हा मुळात शापामुळे माणूस झालेला शिवाचा गण असतो, त्यांनी एका परिच्छेदात आणली होती आणि राजाची जलक्रीडा दोन ओळींत उरकली होती. मी मसुदा वाचला, मला तो गोड वाटला आणि मी फक्त शुद्धलेखनाच्या खुणा करून तो परत दिला. हे मुद्दाम सांगतो, कारण चूक एकट्या लेखिकेची नव्हती.

श्रावणातल्या एका शनिवारी जुन्या नाशकातील एका वाड्याच्या माडीवर डझनभर मुलांसमोर हा मसुदा वाचला गेला. मोदकांचा प्रसंग अपेक्षेपेक्षा चांगला रंगला. येथे मराठीने लेखिकेला मोठा आधार दिला. इतर अनेक भाषांत ही शब्दकोटी तळटीप मागते, परंतु मराठी मुलाला मोदक ठाऊक आहे, गंगोदकातले उदक ठाऊक आहे आणि महा आणि उत्सव मिळून महोत्सव होतो हेही ऐकून माहीत आहे. सांगावा लागला तो फक्त नकारार्थी ‘मा’. एका मुलाने ‘मा उदकैः’ सलग म्हणून पाहिले, तोंडातून मोदक बाहेर पडला तसा तो स्वतःच हसला, आणि त्यानंतर संधीवर एक अक्षरही बोलावे लागले नाही.

दुसरा अनुभव लेखिकेच्या कल्पनेबाहेरचा होता. ‘गुणाढ्याने पैशाची भाषा शिकून घेतली’ हे वाक्य ऐकून सहावीतल्या एका मुलाने विचारले, “बाई, म्हणजे तो व्यापारी झाला का?” लिहिताना दिसत नाही आणि वाचताना लपत नाही, अशा जातीचा हा दोष आहे. मराठीत ‘पैशाची’ म्हणजे आधी पैशांची. पुढच्या मसुद्यात सगळीकडे ‘पिशाचांची भाषा’ असा शब्द आला.

खरी पडझड नंतर झाली. राजाने पोथी परत पाठवली तेव्हा एका मुलीने हात वर केला. “केशरी रंगात लिहिलेलं होतं ना, मग राजाला राग का आला?” लेखिकेने सांगितले की पोथी फार मोठी होती. “मग थोडी थोडी वाचायची,” असे मुलीचे उत्तर तयार होते. पुढे गाईंचा प्रसंग आला तेव्हा मागच्या ओळीतून कोणी विचारले की जंगलात गाई कोणाच्या, आणि त्या नुसत्या उभ्या राहिल्या तर राजवाड्यातल्या गाईंचे दूध कशाने आटले. वाऱ्यावर सोडलेल्या पानांबद्दलचा प्रश्न तर सगळ्यांत सरळ होता. ती पाने गोळा करून आणता आली असती, मग राजा रडला कशाला? या प्रश्नांना लेखिकेकडे उत्तर नव्हते. मी शेजारीच बसलो होतो आणि माझ्याकडेही नव्हते.

काय बिघडले होते

त्या संध्याकाळी आम्ही मूळ श्लोक पुन्हा काढून बसलो तेव्हा ध्यानात आले की ज्या तीन गोष्टी बदलल्या होत्या त्या कथेची सजावट नसून तिचे सांधे होते. अक्षरे रक्ताची आहेत म्हणून राजाला किळस येते. किळस येते म्हणून तो न वाचताच पोथी परत करतो. परत करतो म्हणून पाने जळतात, जळण्यापूर्वी वाचली जातात म्हणून प्राणी चरणे विसरतात, चरणे विसरतात म्हणून त्यांचे मांस सुकते आणि ते राजाच्या ताटात येते म्हणून ज्याने कथा वाचायला नकार दिला त्याच्याच शरीरापर्यंत कथा पोहोचते. ती त्याच्यापर्यंत पोहोचण्याचा दुसरा मार्गच सोमदेवाने ठेवलेला नाही. त्याने कथा कानाने घेतली नाही, ती पोटातून आली. पळसाचा रंग वापरला की हा पहिलाच दुवा निखळतो आणि पुढचे सगळे दुवे आधाराशिवाय लोंबकळत राहतात. मुलांनी एकेक करून नेमक्या त्याच जागांवर बोट ठेवले होते.

याउलट लेखिकेने जे गाळले होते त्याबद्दल एकाही मुलाने काही विचारले नाही. शापित गणांची चौकट एका परिच्छेदात आली याची कोणाला खंत वाटली नाही. सोमदेवानेही आरंभी आपल्या कामाची मर्यादा अशीच सांगून ठेवली आहे. मूळ जसे होते तसेच हे आहे, त्यापासून किंचितही ढळलेलो नाही, फक्त विस्ताराचा संक्षेप केला आहे आणि भाषा वेगळी आहे, असे तो म्हणतो. हा दावा त्याने तंतोतंत पाळला की नाही हे बृहत्कथाच हरवल्यामुळे तपासता येत नाही, पण पुनर्कथन करणाऱ्याने स्वतःसाठी आखलेली रेघ म्हणून ती फार उपयोगी आहे. लेखिकेने संक्षेपही केला होता आणि द्रव्यही बदलले होते. संक्षेप चालला, बदललेले द्रव्य चालले नाही.

एक गोष्ट मात्र लेखिकेच्या बाजूने सांगितली पाहिजे. जुन्या कथांतील रक्त तसेच ठेवावे हा काही सर्वत्र लागू होणारा नियम नाही. याच पुस्तकातील पंचवटीच्या कथेत शूर्पणखेचे नाक कापले जाते, आणि नाशिक हे नाव त्यावरूनच पडले असे इथले प्रत्येक मूल सांगते. तिथे लेखिकेने घाव एका वाक्यात सांगितला, वर्णन केले नाही, आणि कथेचे काही बिघडले नाही, कारण तिथे पुढचे सारे घडते ते घाव झाला म्हणून, तो किती भयानक दिसला म्हणून नव्हे. गुणाढ्याच्या कथेत रक्त हा शब्दच काम करतो. म्हणून प्रत्येक वेळी वेगळे तपासावे लागते.

दुसरा मसुदा आणि एक हरकत

दुसऱ्या मसुद्यात रक्त, अग्नी आणि मांस तिन्ही परत आले. परंतु ते आणताना लेखिका उलट्या दिशेने घसरल्या. बोटातून ठिबकणारे थेंब, थरथरणारा हात, जळणाऱ्या पानांचा वास असे सव्वा पान झाले. मूळ संस्कृतात रक्ताने लिहिण्याचा सगळा प्रसंग एका श्लोकात संपतो. मी समासात लिहिले की सोमदेव येथे थांबत नाही, आपणही थांबू नये. याच सुमारास मसुदा वाचलेल्या एका वडिलांनी हरकत घेतली की आपल्या घरी मांस खात नाहीत आणि मुलाच्या पुस्तकात राजाने हरणाचे मांस खाल्लेले त्यांना नको आहे. रक्ताबद्दल त्यांचे काही म्हणणे नव्हते. गंमत म्हणजे आम्ही उत्तरे तयार ठेवली होती ती रक्ताबद्दलच.

लेखिकेने त्यांना मजकूर बदलून दिला नाही, मात्र त्यांच्या हरकतीचा विचार केला. राजाचे जेवण वर्णन करणारी ओळ काढली आणि ‘वैद्य म्हणाले, महाराजांच्या ताटात येणारे मांस सुकलेले आहे’ एवढेच वैद्याच्या तोंडी ठेवले. वडिलांचे समाधान झाले असे म्हणता येणार नाही. मुलगा दुसऱ्या वाचनाला आला, एवढे खरे.

७ लाख श्लोक म्हणजे किती हे सांगण्यासाठी आधीच्या मसुद्यात ‘खूप खूप मोठी पोथी’ असे शब्द होते. मी सुचवले की महाभारत परंपरेने १ लाख श्लोकांचे मानले जाते, तेव्हा सात महाभारते लिहिली गेली आणि सहा जळाली असे सांगावे. दुसऱ्या वाचनात हे वाक्य आले तेव्हा माडीवर काही क्षण कोणी बोलले नाही. नंतर एकाने हिशेब केला की एक उरले. पहिल्या वाचनात ज्या मुलीने केशरी रंगाचा प्रश्न विचारला होता तिने या वेळी राजाबद्दल काही विचारले नाही. तिने विचारले ते शिष्यांबद्दल. त्यांना आवडणारी कथा राखली, पण उरलेल्या सहांपैकी एखादी कोणा हरणाला जास्त आवडली असेल तर?

भाषेच्या दृष्टीने तिसऱ्या मसुद्यात एक महत्त्वाचा बदल झाला. आधी गुणाढ्याने ‘सर्व भाषा सोडल्या’ असे मोघम लिहिले होते. आता संस्कृत, प्राकृत आणि देशभाषा अशी तिन्ही नावे आली, आणि राजाला संस्कृत येत नव्हते म्हणजे त्याला काहीच येत नव्हते असा समज होऊ नये म्हणून एक वाक्य जोडले गेले की सातवाहनांनी आपले लेख प्राकृतात कोरवले आणि महाराष्ट्री प्राकृतातील ‘गाथासप्तशती’ हा ७०० गाथांचा संग्रह परंपरेने हाल सातवाहनाच्या नावावर आहे. कथेच्या मध्यावर अशी माहिती घालणे मला पटले नव्हते. माझ्या मते तिची जागा प्रस्तावनेत होती. लेखिका ऐकल्या नाहीत. प्राकृतात इतके काही असलेल्या राजघराण्यातल्या माणसाला दोन शब्दांच्या संधीवरून लाजवले जाते, आणि तोच माणूस पुढे दुसऱ्याची भाषा हीन म्हणून नाकारतो, हे मुलांना तिथल्या तिथेच दिसले पाहिजे, असा त्यांचा आग्रह होता. आज वाचताना ते वाक्य कथेत थोडे अडखळते. काढून टाकावे असे मात्र मला आता वाटत नाही.

शेवट

शेवटाबद्दल आमचे एकमत झाले नाही. कथासरित्सागरात उरलेली कथा राजाला दिल्यावर गुणाढ्य योगाने देह सोडतो आणि शापमुक्त होऊन आपल्या दिव्य पदाला परत जातो. चौकट एका परिच्छेदात आणल्यामुळे तो मुळात शापित गण आहे हे मुलांच्या ध्यानात राहण्याची शक्यता कमी होती, आणि म्हणून लेखिकेने ‘गुणाढ्य तेथून निघून गेला’ असे लिहिले होते. माझे म्हणणे असे होते की हा संक्षेप नाही, पळसाच्या रंगाचीच दुसरी आवृत्ती आहे. बऱ्याच चर्चेनंतर ‘त्याचा शाप संपला होता. त्याने देह ठेवला आणि तो आपल्या जागी परत गेला’ असे वाक्य ठरले. दुसऱ्या वाचनात मागून प्रश्न आलाच, “म्हणजे मेला का?” लेखिका म्हणाल्या, “हो.” पुढे काही स्पष्टीकरण द्यावे असे मला वाटत होते. त्यांनी पान उलटले.

पुस्तक आता चित्रांच्या टप्प्यावर आहे. चित्रकाराने पहिल्या चित्रात गुणाढ्याच्या हातात बांधीव वही आणि पिसाची लेखणी दिली होती, ती बदलून सुटी पाने आली. अक्षरांचा रंग हा शेवटचा वाद ठरला. पानांवर भडक लाल अक्षरे काढली तर ती आधीच्या सव्वा पानासारखीच ओरडतील अशी लेखिकेची भीती होती, आणि काळी काढली तर मजकूर एक सांगेल, चित्र दुसरेच. चित्रकाराने यावर एकच गोष्ट सांगितली. सात वर्षांपूर्वी लिहिलेल्या पहिल्या पानावरचे रक्त लाल राहिलेले नसणार, ते वाळून तपकिरी झालेले असणार. त्याने पहिले पान गंजाच्या रंगाचे केले आणि पुढची पाने हळूहळू लालसर होत नेली. अगदी शेवटच्या पानावरचे अक्षर तेवढे ओले दिसते.